कार्ड एकाचं, टीव्ही शंभर जणांचे : वाचकांचे प्रश्न

‘डिशला नेट जोडा आणि महिन्याचा रिचार्ज विसरा’ अशा जाहिराती दाखवून अनेक वाचकांनी आम्हाला विचारलं आहे, की हे कार्ड शेअरिंग नेमकं काय असतं आणि ते घ्यावं का. आलेल्या पत्रांतले निवडक प्रश्न आणि त्यांची उत्तरं खाली देत आहोत.

प्रश्न : आमच्याकडचा डिश दुरुस्तीवाला म्हणतो, नेट जोडलेला बॉक्स घ्या, वर्षाला एकदाच पैसे भरा, सगळी पेड चॅनेल दिसतील, कार्डही लागणार नाही. कार्डाशिवाय चॅनेल उघडतं कसं? – इचलकरंजी

कार्ड, म्हणजे डिशच्या बॉक्समध्ये खोचायचं चिपचं कार्ड, लागतंच. फक्त ते तुमच्या घरात नसतं.

उपग्रहावरून येणारं पेड चॅनेल कुलूपबंद असतं. युरोपात १९९४ पासून वापरात आलेल्या आणि पुढे जगभर पसरलेल्या कुलपाची किल्ली अवघी आठ बाइटची असते. म्हणजे व्हॉट्सॅपवर ‘नमस्कार’ लिहायला याहून जास्त जागा लागते. या किल्लीला कंट्रोल वर्ड म्हणतात. तिच्यातला चौथा आणि आठवा बाइट म्हणजे आधीच्या तीन-तीन बाइटांची बेरीज, त्यामुळे खरी किल्ली सहाच बाइटची. ती साधारण दर दहा सेकंदांनी बदलते, म्हणून एक किल्ली हाती लागून काही उपयोग नाही.

ही किल्ली चित्राबरोबरच येते, पण ईसीएम नावाच्या एका बंद पाकिटात. बॉक्सला ते पाकीट फोडता येत नाही. तो ते कार्डाकडे देतो. या चॅनेलचे पैसे भरले आहेत का, हे कार्ड आपल्यातल्या नोंदीत पाहतं आणि भरले असतील तरच किल्ली काढून देतं. त्या नोंदी बदलण्यासाठी कंपनी ईएमएम नावाचे वेगळे संदेश हवेतून सोडत असते. रिचार्ज केल्यावर ‘बॉक्स अर्धा तास चालू ठेवा’ असं सांगतात, ते हा संदेश तुमच्या बॉक्सपर्यंत पोचावा म्हणून.

कार्ड शेअरिंगमध्ये पैसे भरलेलं एक कार्ड कुणाच्या तरी सर्व्हरला जोडलेलं असतं. तुमचा बॉक्स आपल्या छत्रीतून आलेलं पाकीट नेटवरून त्या सर्व्हरला पाठवतो आणि सर्व्हर आठ बाइट परत पाठवतो. चित्र नेटवरून येतच नाही, म्हणून मोबाइलच्या हॉटस्पॉटवरही हे चालतं. छत्री मात्र त्याच उपग्रहाकडे रोखलेली लागते. चोरीच्या आयपीटीव्हीत अख्खं चित्रच नेटवरून येतं. लोक दोन्हीला एकाच नावाने ओळखतात, पण ते प्रकार वेगळे आहेत.

नव्वदच्या दशकात आणि त्यानंतर काही वर्षं बनावट कार्डंच विकली जात. कार्डं पक्की झाली तशी ती फोडण्याचा धंदा आटला आणि खऱ्या कार्डाची उत्तरं वाटण्याचा सुरू झाला. यात कुलूप कुणीच फोडत नाही. आतला माणूस दर दहा सेकंदांनी किल्ली बाहेर फेकत असतो.

प्रश्न : असा बॉक्स घेऊन चार महिने झाले. चित्र ठरावीक वेळाने अडकतं, क्रिकेटच्या दिवशी तर बघवत नाही. छत्री दोनदा फिरवून घेतली, छत्रीच्या तोंडाशी बसवलेला, सिग्नल पकडणारा एलएनबी आणि केबल बदलली. काय उरलं? – नाशिक

छत्रीला हात लावू नका, तिचा दोष नाही.

सिग्नल कमी असेल तर चित्राचे चौकोन पडतात, आवाज कट कट वाजतो, पावसात जास्त होतं आणि त्याला काही ठरावीक वेळ नसतो. किल्ली उशिरा आली तर चित्र एकदम स्वच्छ असतं, मग जागच्या जागी थिजतं, काही सेकंदांनी पुन्हा सुरू होतं आणि हे दहा सेकंदांच्या पटीत घडतं. घड्याळ लावून पाहा. बॉक्सच्या सिग्नल पट्टीवरचा गुणवत्तेचा आकडा थिजण्याच्या क्षणी हलत नसेल तर खात्रीच समजा. एलएनबीचे आणि केबलचे पैसे वाया गेले.

हे टळत का नाही, ते हिशेब मांडला की कळतं. कार्ड एका वेळी एकाच पाकिटाचं उत्तर देतं. एका उत्तराला पाव सेकंद धरला तरी दहा सेकंदांत चाळीस उत्तरं होतात. एकाच चॅनेलचे शंभर प्रेक्षक असले तर चालतं, कारण किल्ली एकच आणि सर्व्हर ती सगळ्यांना वाटतो. पण जाहिरात लागली की लोक चॅनेल बदलतात आणि एकदम साठ वेगवेगळ्या चॅनेलची पाकिटं रांगेत उभी राहतात. तुमचं पाकीट पंचेचाळिसावं असेल तर त्याचं उत्तर येईपर्यंत किल्ली बदललेली असते. त्यात हा सर्व्हर स्वतः दुसऱ्याकडून किल्ल्या घेऊन पुढे विकत असेल, आणि स्वस्तात विकणारे बहुतेक तेच करतात, तर प्रत्येक टप्प्यावर उशीर वाढत जातो.

शिवाय कंपन्याही पाहत असतात. कार्ड आणि बॉक्सची जोडी बांधली की कार्ड देतं ती किल्लीसुद्धा त्या बॉक्समधल्या चिपलाच उलगडेल अशी बंद केलेली असते आणि बाहेर वाटून तिचा उपयोग होत नाही. अनेक नव्या बॉक्समध्ये तर काढता येईल असं कार्डच नसतं. अशी एखादी बांधणी लागू झाली की विकणाऱ्याचा फोन लागेनासा होतो आणि वर्षाचे आगाऊ दिलेले पैसे बुडतात. त्याची पावती नसते, त्यामुळे ग्राहक आयोगाकडे जायचीही सोय राहत नाही.

प्रश्न : विकणारा दोषी हे समजलं. पण आपल्या घरात, आपल्या छत्रीवर, आपल्या टीव्हीवर पाहणारा कसा दोषी? – पुणे

याचं उत्तर सरळ हो किंवा नाही असं नाही.

प्रतिलिप्यधिकार (कॉपीराइट) कायदा, १९५७ मधलं कलम ३७ प्रसारकाला २५ वर्षांचा हक्क देतं. परवानगीशिवाय पुनर्प्रसारण करणं, पैसे घेऊन लोकांना दाखवणं, रेकॉर्डिंग करून विकणं या गोष्टी त्यात येतात. घरात बसून नुसतं पाहणं या यादीत नाही. तुमच्या दुरुस्तीवाल्याला एवढंच माहीत असतं आणि तेवढंच तो सांगतो.

पुढचं तो सांगत नाही. २०१२ च्या दुरुस्तीने कलम ६५अ आलं. कायद्याने दिलेले हक्क राखण्यासाठी लावलेला तांत्रिक अडसर, त्या हक्कांचा भंग करण्याच्या हेतूने चुकवला तर दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंड. कलम ६३ खाली जाणूनबुजून हक्कभंग करणारा आणि त्याला साहाय्य करणारा, दोघांनाही सहा महिने ते तीन वर्षं कैद आणि ५० हजार ते २ लाख रुपये दंड आहे. हा गुन्हा दखलपात्र आणि अजामीनपात्र असल्याचं सर्वोच्च न्यायालयाने मे २०२२ मध्ये स्पष्ट केलं. म्हणजे पोलिस वॉरंटशिवाय अटक करू शकतात. माहिती तंत्रज्ञान कायद्याचं कलम ६६ वेगळं. दुसऱ्याच्या खात्यावर भार पडेल अशा रीतीने संगणकाशी छेडछाड करून सेवा घेणं कलम ४३ मध्ये आहे, आणि ते अप्रामाणिकपणे केलं तर तीन वर्षांपर्यंत कैद किंवा ५ लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही.

आमचं मत असं : फक्त पाहणाऱ्यावर खटला चालवणं तपास यंत्रणेला अवघड जातं आणि कारवाईचा रोख आधी विकणाऱ्यावर असतो. पण त्याच्या सर्व्हरमध्ये तुमचा आयपी पत्ता, बॉक्सचा अनुक्रमांक, कोणतं चॅनेल किती वाजता उघडलं याची नोंद असते आणि पैसे तुम्ही यूपीआयने पाठवलेले असतात. सर्व्हर जप्त झाला की ती यादी त्याच्याबरोबर जाते. इटलीने २०२३ च्या ९३ क्रमांकाच्या कायद्याने पाहणाऱ्यालाही ५ हजार युरोपर्यंत दंड ठेवला आहे. ‘पाहणाऱ्याला कोण विचारतो’ हे सगळीकडे खरं राहिलेलं नाही.

आणि तुम्ही स्वतःचं कार्ड शेजाऱ्यांना वाटून महिन्याला शे-दोनशे घेत असाल तर हा सगळा ऊहापोह तुमच्यासाठी नाहीच. तुम्ही विकणारे आहात.

प्रश्न : बॉक्स घेऊन चूक केली. आता तो नुसता बंद करून ठेवला तर पुरे का? घरातल्या त्याच वायफायवर माझं ऑफिसचं काम आणि बँकेचे व्यवहार चालतात. – ठाणे

बरं झालं विचारलंत. कायद्याची भीती सगळ्यांना वाटते, पण रोजचा धोका इथे आहे.

बॉक्सच्या मागे यूएसबीत खोचलेली वायफायची बोटभर पट्टी असेल, ती आधी काढा. या बॉक्सना लोक रेडिओसारखं समजतात, पण तो लिनक्सवर चालणारा पूर्ण संगणक असतो आणि किल्ल्या आणणारा प्रोग्रॅम बऱ्याचदा सर्वाधिकार असलेल्या रूट खात्याने चालतो. सीसीकॅमसारख्या किल्ल्या आणणाऱ्या जुन्या प्रोग्रॅमचा मूळ कोड कधी खुला झाला नाही, त्यामुळे तो आत काय करतो हे सहज तपासता येत नाही. सर्व्हरचा पत्ता, नाव, पासवर्ड एका साध्या फाइलमध्ये उघडे लिहिलेले असतात. अनेक बॉक्सवर रूटला पासवर्डच नसतो आणि टेलनेट, म्हणजे दुरून बॉक्स चालवायची जुनी, असुरक्षित सोय, चालू असतं. २०१६ साली मिराई नावाच्या प्रोग्रॅमने जगभरची उपकरणं ताब्यात घेऊन मोठमोठ्या सेवा पाडल्या. तो उघडी टेलनेट शोधून साठेक नाव-पासवर्डांची यादी लावून पाहत असे, आणि त्या यादीत रूट नावाबरोबर ‘ड्रीमबॉक्स’ हा पासवर्ड होता. ड्रीमबॉक्स म्हणजे कार्ड शेअरिंगवाल्यांचा वर्षानुवर्षं आवडता बॉक्स. आयपीटीव्हीचे स्वस्त अँड्रॉइड बॉक्स याहून वाईट : जून २०२५ मध्ये अमेरिकेच्या एफबीआयने ‘बॅडबॉक्स २.०’ नावाच्या बाधित उपकरणांच्या जाळ्याबद्दल इशारा दिला, त्यातल्या काही उपकरणांत विकत घेण्याआधीच घातक प्रोग्रॅम भरलेला होता. असा बॉक्स तुमच्या घरच्या नेटचा पत्ता वापरून दुसऱ्यांचे उद्योग पार पाडतो आणि पोलिस येतात ते तुमच्या दारी.

आता क्रमाने करायचं काम. बॉक्सची नेटवर्क केबल आणि वायफाय पट्टी काढा. मग राउटरच्या सेटिंगच्या पानावर जा. पोर्ट फॉरवर्डिंगमध्ये, म्हणजे बाहेरून घरातल्या उपकरणापर्यंत येण्याच्या वाटांच्या यादीत, तुम्ही न घातलेली नोंद दिसली तर पुसून टाका. दुरुस्तीवाल्याने ‘सेटिंग’ करताना ती घातलेली असू शकते. यूपीएनपी ही सोय बंद करा, नाहीतर बॉक्स स्वतःच अशी वाट उघडतो. डीएनएस म्हणजे संकेतस्थळाच्या नावावरून त्याचा पत्ता शोधून देणारी सेवा. तिच्या रकान्यात तुमच्या इंटरनेट कंपनीचे किंवा तुम्ही निवडलेले आकडे आहेत ना, हे पाहा. अनोळखी पत्ता असेल तर बँकेचं नाव टाइप केल्यावर भलतंच पान उघडू शकतं. शेवटी राउटरचा प्रशासकीय पासवर्ड आणि वायफायचा पासवर्ड, दोन्ही बदला. लोक दुसराच बदलतात आणि पहिला ‘ॲडमिन’च राहतो.

राउटर रीसेट करायचा मोह आवरा. फायबर कनेक्शनच्या मोडेममध्ये कंपनीचं लॉगिन साठवलेलं असतं. टाचणीने बटण दहा सेकंद दाबलं की तेही पुसलं जातं आणि माणूस येईपर्यंत घरात नेट राहत नाही. आधी कंपनीकडून लॉगिन मागून घ्या.

बॉक्स फेकायची गरज नाही. उत्पादकाच्या स्वतःच्या पानावर मूळ सॉफ्टवेअर मिळत असेल तर ते पेन ड्राइव्हवरून नव्याने भरा. भरून झाल्यावर ‘जुना बॅकअप परत आणू का’ असं विचारलं जाईल, त्याला नाही म्हणा. बहुतेकांचं इथेच चुकतं, कारण बॅकअपमध्ये तोच प्रोग्रॅम आणि तोच सर्व्हर बसलेला असतो. मग रूटला पासवर्ड घाला, टेलनेट आणि फाइल पाठवायची एफटीपी सोय बंद करा. सॉफ्टवेअर फक्त विकणाऱ्याच्या व्हॉट्सॅपवरच मिळत असेल तर त्या बॉक्सला पुन्हा नेट दाखवू नका. नेटशिवाय तो मोफत चॅनेलांसाठी चांगला चालतो.

पैसे कार्डाने दिले असतील तर बँकेला सांगून कार्ड बदलून घ्या. यूपीआय ॲपमध्ये ऑटोपे उघडून त्या नावाची मंजुरी असेल तर रद्द करा. खात्यातून पैसे गेले असतील तर वेळ न घालवता १९३० वर फोन करा. ‘बॉक्स बेकायदा होता, मग तक्रार कशी करू’ या संकोचात लोक पैसे थांबवता येण्याची वेळ घालवतात.

प्रश्न : मी लेस्टरला राहतो. एका पबवालीने परदेशी कार्ड वापरून खटला जिंकला होता, म्हणून इथे कार्ड शेअरिंग चालतं असं मित्र म्हणतात. – वाचक, इंग्लंड

मित्र दोन गोष्टींची गल्लत करत आहेत. पोर्ट्समथच्या पबचालक कॅरेन मर्फी यांनी ग्रीक कंपनीचं खरं, पैसे भरलेलं कार्ड वापरून इंग्लिश फुटबॉल दाखवलं. त्यांना सुमारे ८ हजार पौंडांचा दंड आणि खर्च झाला. ४ ऑक्टोबर २०११ रोजी युरोपीय न्यायालयाने सांगितलं, की एका सदस्य देशात कायदेशीर घेतलेलं कार्ड दुसऱ्यात वापरण्यावर सरसकट बंदी घालता येत नाही. त्या निकालाचा आधार युरोपीय एकत्रित बाजारपेठ हा होता. ब्रिटन तिच्यातून बाहेर पडला आहे, आणि त्याच निकालात पबमध्ये दाखवताना सुरुवातीची चित्रफीत, बोधचिन्ह यांसारख्या गोष्टींचा प्रतिलिप्यधिकार वेगळा लागू होतो असंही म्हटलं होतं. किल्ल्या वाटण्याबद्दल त्यात एक अक्षर नाही. ब्रिटनच्या १९८८ च्या कायद्यात कलम २९७ खाली पैसे चुकवण्याच्या हेतूने प्रसारण घेणाऱ्याला दंड आहे आणि अनधिकृत डीकोडर बनवणाऱ्या-विकणाऱ्याला कलम २९७अ खाली दहा वर्षांपर्यंत कैद.

प्रश्न : शारजाला लोक भारतातला डीटीएच बॉक्स आणून वापरतात, रिचार्ज नियमित करतात. पैसे भरतो आहोत, मग अडचण काय? – वाचक, संयुक्त अरब अमिराती

हे कार्ड शेअरिंग नव्हे, पण नियमात बसत नाही. भारतातल्या डीटीएच कंपनीला परवाना भारतापुरता आहे आणि वाहिन्यांनी आखाती देशांचे हक्क वेगळ्यांना विकलेले असतात. जोडणी भारतातल्या पत्त्यावर घेतलेली असल्याने ती कधीही बंद होऊ शकते आणि तक्रार करायला तुमच्याकडे काही राहत नाही. अमिरातीत २०२१ चा नवा प्रतिलिप्यधिकार कायदा लागू आहे. परक्या देशात व्हिसावर राहणाऱ्याने मालिकेसाठी हा धोका पत्करू नये, असं आम्हाला मनापासून वाटतं. तिथल्या अधिकृत ॲपवर मराठी वाहिन्या मिळतात का, ते आधी पाहा.

प्रश्न : आमच्या सोसायटीत २४ घरं. गच्चीवर छत्र्यांची दाटी झाली आहे. एक छत्री सगळ्यांत वाटली तर तेही शेअरिंग होईल का? – डोंबिवली

छत्री वाटा, बॉक्स वाटू नका.

गच्चीवर एक चांगली बांधलेली छत्री, तिला चार प्रकारचे सिग्नल चार वेगळ्या तारांवर देणारा क्वाट्रो एलएनबी, खाली ते सिग्नल घरोघरी वाटणारा मल्टिस्विच आणि तिथून प्रत्येक घराला स्वतंत्र आरजी-६ केबल. प्रत्येकाचा स्वतःचा बॉक्स आणि स्वतःचा रिचार्ज. हे पूर्णपणे नियमात आहे. दोन सूचना : क्वाट्रो आणि क्वाड यांत गल्लत होते. क्वाडच्या चार तारा थेट चार बॉक्सना जातात, मल्टिस्विचला क्वाट्रोच लागतो. आणि घरापर्यंतच्या केबलवर साधा केबल टीव्हीचा स्प्लिटर बसवू नका, बॉक्सचा एलएनबीला जाणारा १३ आणि १८ व्होल्टचा इशारा त्यात अडतो किंवा दोन बॉक्सचे इशारे भांडतात, आणि निम्मी चॅनेल गायब होतात.

एका घरातला बॉक्स उघडून त्याचं चित्र मॉड्युलेटर नावाच्या यंत्राने बाकी घरांना पाठवणं आणि वर्गणी काढणं म्हणजे नोंदणीशिवाय केबल चालवणं. तळमजल्यावरच्या हॉटेलवाल्यांनाही सांगा : सामना दाखवायला घरगुती जोडणी चालत नाही, व्यावसायिक जोडणी घ्यावी लागते.

प्रश्न : दुसऱ्या खोलीतल्या टीव्हीसाठी आणि गावच्या घरासाठी स्वस्त, सरळ मार्ग काय? – सातारा

दुसऱ्या खोलीसाठी त्याच कंपनीची मल्टी टीव्ही जोडणी. दूरसंचार नियामक ट्रायने २०२४ मध्ये नेटवर्क शुल्कावरची कमाल मर्यादा काढली, त्यामुळे दुसऱ्या टीव्हीला किती लावतात हे कंपनीगणिक वेगळं आहे. फोनवर तोंडी न ऐकता ॲपमध्ये आकडा पाहा. नंतर पॅकेज मोडून चॅनेल सुटी निवडा. प्रत्येक चॅनेलची किंमत बॉक्सच्या कार्यक्रम सूचीत दिसते. घरात खरोखर पाहिली जाणारी चॅनेल कागदावर लिहून काढली, तर बहुतेक घरांत ती दहा-बाराच्या पुढे जात नाहीत.

गावच्या घरासाठी डीडी फ्री डिश. २००४ पासून चालू आहे, महिन्याचा रिचार्ज नाही, जीसॅट-१५ हा उपग्रह ९३.५ अंश पूर्वेला. साधारण ६० सेंटिमीटरची छत्री पुरते. साताऱ्याहून ती दक्षिणेपासून पूर्वेकडे, म्हणजे आग्नेयेला रोखायची. समोर आंब्याचं झाड असेल तर हिवाळ्यात लावलेली छत्री नव्या पालवीनंतर सिग्नल सोडते, म्हणून जागा निवडताना फांद्या वाढण्याचा अंदाज घ्या. सह्याद्री वाहिनी त्यावर आहे. खासगी वाहिन्या लिलावाने येतात-जातात, त्यामुळे वर्षातून एकदोनदा नव्याने चॅनेल शोध लावावा लागतो. आणि वर ठाण्याच्या वाचकांना सांगितलेला नेट काढलेला बॉक्स घरात पडला असेल, तर तोच इथे लावा.